शेवटी चेंडू किपरकडे

रविवारी दुपारी जेवून खिडकीत उभा होतो. खाली पार्किंगमध्ये अंडरआर्म रंगात आलं होतं. दोन मोटारींमधली जागा म्हणजे पिच, वॉचमनची प्लास्टिकची खुर्ची म्हणजे स्टंप. नियम आमच्या वेळचेच: भिंतीला डायरेक्ट लागला तर आउट, एक टप्पा एक हात, आणि तळमजल्याच्या खिडकीत गेला तर आउट, शिवाय चेंडू आणायला मारणाऱ्यानंच जायचं. खुर्चीमागे सगळ्यांत लहान पोरगा ओणवा उभा. त्याला कुणी विचारलं नसणार.

आमच्या वाड्यातही तसंच. किपर निवडत नाहीत, किपर उरतो. चुलत-मावस धरून आम्ही नऊ पोरं, मी शेंडेफळ, त्यामुळे उरायचा मान कायम माझा. बॅटिंग सगळ्यांत शेवटी, म्हणजे बहुतेक दिवशी नाहीच. तोवर अंधार पडायचा किंवा कुणाची तरी आई हाका मारायची. बोलिंग मिळाली ती एकदाच. थोरला दादा काही केल्या आउट होईना, सगळ्यांचं टाकून झालं होतं, तेव्हा कुणीतरी कंटाळून म्हणालं, "दे रे त्यालाच एक ओव्हर." दुसऱ्या चेंडूवर दादा बोल्ड. त्याला ते अजून मान्य नाही. मध्ये एका लग्नात, ताटावर बसल्या बसल्या, काही विषय नसताना म्हणाला, "नोबॉल होता तो."

म्हणूनच आल्फ्रेड लिटलटन हा माणूस मला माझ्या पंगतीतला वाटतो. वस्तुतः त्याची पंगत फारच निराळी. बाप इंग्लंडातला लॉर्ड, शिक्षण ईटन आणि केंब्रिज, पोटापाण्याला (पोटापाण्याचा प्रश्न नव्हताच म्हणा) बॅरिस्टरी. पण आठ भावांतला हा सर्वांत धाकटा, आणि विकेटकीपर! १८६७ मध्ये या घराण्यानं बाप, दोन काका आणि आठ मुलगे अशी घरचीच अकराजणांची टीम उभी करून ब्रॉम्सग्रोव्हच्या शाळेला हरवलं होतं. आल्फ्रेड तेव्हा दहा वर्षांचा. त्या मैदानावर त्याला कुठं उभं केलं असेल, हे मला कुणी सांगायची गरज नाही.

तर ऑगस्ट १८८४, लंडनचं ओव्हल मैदान. ऑस्ट्रेलिया फलंदाजीला. मर्डॉकनं २११ काढलेल्या, कसोटीतलं पहिलं द्विशतक, आणि वर आणखी दोघांची शतकं. इंग्लंडच्या कॅप्टनला काही सुचेना. एकेक करत त्यानं अकराच्या अकरा जणांना बोलिंग दिली. कसोटीत असं पूर्वी कधी झालं नव्हतं. त्यात किपरही आला. लिटलटननं ग्लोव्हज काढले, पॅड तसेच ठेवले, आणि हात खालून फिरवत उंच, संथ चेंडू टाकायला लागला. म्हणजे आमचं अंडरआर्मच. विकेटमागे कोण, तर दाढीवाले डॉ. डब्ल्यू. जी. ग्रेस. त्यांनी एक कॅचही घेतला. १९ धावांत ४ विकेट! बाकीचे कसलेले गोलंदाज घाम गाळून थकले आणि पॅड बांधलेल्या वकिलानं शेपूट गुंडाळलं. ऑस्ट्रेलिया ५५१. मॅच अनिर्णित राहिली, ते जाऊ दे.

कंटाळून किपरच्या हातात चेंडू देणारा तो कॅप्टन म्हणजे लॉर्ड हॅरिस. हाच पुढे १८९० मध्ये मुंबईचा गव्हर्नर होऊन आला. ज्याच्या नावाच्या शिल्डसाठी मुंबईतल्या शाळा अजून भांडतात आणि जिच्यात सचिन-कांबळीनं १९८८ मध्ये आझाद मैदानावर ६६४ची भागी केली, तोच हा हॅरिस. आमच्या शाळेची टीम त्या स्पर्धेत पहिल्याच फेरीत बाहेर जायची. मी टीममध्ये नव्हतो. किपर दुसरा होता, उंच.

लिटलटन इंग्लंडकडून फुटबॉलही खेळला. १८७७ साली स्कॉटलंडविरुद्ध. एकटाच चेंडू घेऊन पळत सुटायचा, कुणाला पास नाही. सोबत्यानं तक्रार केली तेव्हा म्हणाला, मी निव्वळ माझ्या स्वतःच्या आनंदासाठी खेळतोय, महाराज. इंग्लंडचा एकमेव गोल त्याचाच, आणि इंग्लंड ३-१ हरलं. 'हौशी' म्हणजे काय ते मला या उत्तरानं कळलं. तेव्हा हौशी खेळाडू आणि पैसे घेऊन खेळणारे यांच्या ड्रेसिंग रूमही वेगळ्या असत. हौसेला मोल नाही म्हणतात. तिथं होतं, आणि ते आधीच कुणीतरी भरून ठेवलेलं असायचं.

आमच्या वाड्यात असा एक होता. पास न देणारा. बॅट त्याची होती.

१९०३ मध्ये बॅरिस्टरसाहेब थेट वसाहतमंत्री झाले. दक्षिण आफ्रिकेतल्या ट्रान्सवालच्या सोन्याच्या खाणींसाठी चीनहून हजारो मजूर करारानं बांधून न्यायला त्यांनीच मंजुरी दिली. बंदिस्त आवारात कोंडलेली माणसं, परवान्याशिवाय बाहेर पाऊल नाही. इंग्लंडात 'चिनी गुलामगिरी'चा गवगवा झाला आणि १९०६च्या निवडणुकीत त्यांना स्वतःची जागाही राखता आली नाही. त्याच काळात जोहान्सबर्गचा एक हिंदी वकील तिथल्या हिंदी लोकांची गाऱ्हाणी अर्जांवर अर्ज लिहून लंडनला वसाहतमंत्र्याकडे पाठवत होता. दोघंही इनर टेंपल या लंडनमधल्या वकिलांच्या संस्थेचेच बॅरिस्टर. मोहनदास गांधींच्या वाट्याला क्रिकेट फारसं आलं नाही. त्या अर्जांच्या उत्तरांवर सही करताना लिटलटनना ओव्हलचे ते संथ चेंडू आठवत असतील का, असला वेडगळ प्रश्न मला पडतो. पास न देणारे लोक मंत्री झाले की काय करतात, हा दुसरा. तो तितका वेडगळ नाही, पण रविवारी दुपारी नको.

१९१३ मध्ये एका साध्याशाच सामन्यात चेंडू लिटलटनच्या पोटावर बसला. आत गळू झालं, शस्त्रक्रिया झाली, आणि जुलैच्या सुरुवातीला ते गेले. वय छप्पन्न. मी परवाच सत्तावन्न पुरे केले.

खालून हाक आली. "काका, चेंडू! तुमच्या कुंडीत!" चेंडू काढून टाकला, तर वर आणखी मागणी: छोटूला त्याची आई घेऊन गेली, किपर नाही, येता का? मी आधी विचारलं, चेंडू रबरीच ना? मगाशी हातात धरलेलाच होता, तरी विचारलं.

रबरीच होता. तरी खुर्चीमागे उभा राहिलो तो एक हात पोटाशी धरून.