पुढच्या गुरुवारपर्यंतचं विचारा

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. दैनंदिन मालिका लिहिते म्हटलं की लग्नाच्या पंगतीतसुद्धा कुणीतरी विचारतंच, "शेवट तुम्हाला आधीपासून माहीत असतो का हो?" मला पुढच्या गुरुवारपर्यंतचं माहीत असलं तरी खूप झालं.

माहीत असलेला एक माणूस मात्र होऊन गेला टीव्हीवर. जे. मायकेल स्ट्राझिन्स्की. कार्टून मालिका लिहून हात बसलेल्या या अमेरिकन लेखक-निर्मात्याने 'बॅबिलॉन ५' ही अंतराळस्थानकावरची मालिका पाच वर्षांची एकच गोष्ट म्हणून आखली. ती १९९४ ते १९९८ अशी चालली. ११० भागांपैकी ९२ त्याने लिहिले. तिसरा आणि चौथा सीझन तर अख्खे, म्हणजे ओळीने ४४ भाग. आमच्याकडे कथा एकीची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसरीचे, आणि तरीही बँक, म्हणजे आधीच तयार करून ठेवलेले भाग, कधी शिल्लक नसते.

पण मला त्याचा हेवा वाटतो तो चोरदरवाजांचा. कुठलाही नट मध्येच गेला तरी गोष्ट अडू नये म्हणून प्रत्येक पात्रासाठी त्याने सुटकेची वाट ठेवली होती. पहिल्या सीझननंतर नायकच मालिका सोडून गेला! नायकाचं काम करणाऱ्या मायकेल ओ'हेअरला भास होऊ लागले होते. उपचारांसाठी चित्रीकरण थांबवतो, असं स्ट्राझिन्स्की म्हणाला. इतरांची कामं जातील म्हणून ओ'हेअरने ते नाकारलं आणि सीझन पुरा केला. तो का गेला यावर लोक तर्क लढवत राहिले. स्ट्राझिन्स्की २०१२मध्ये ओ'हेअर वारेपर्यंत गप्प राहिला. मधल्या काळात, तिसऱ्या सीझनमध्ये, त्याला परत आणून त्याच्या पात्राचं वर्तुळही पुरं केलं.

आम्ही आमची एक सून रातोरात अमेरिकेला धाडली. वर 'फोनसुद्धा करत नाही' हे सासूच्या तोंडी मीच घातलं. ती मुलगी आजारी होती, हे युनिटमध्ये सगळ्यांना ठाऊक होतं.

असो. पाचवा सीझन मिळेल याची खात्री नव्हती, म्हणून स्ट्राझिन्स्कीने चौथ्यातच गोष्टीतलं युद्ध आटोपलं आणि शेवटचा भागही चित्रित करून टाकला. मग दुसऱ्या चॅनेलने पाचवं वर्ष दिलं, तेव्हा तो भाग बाजूला ठेवला आणि १९९८मध्ये दाखवला. त्यात स्थानकाचे दिवे मालवायला एक साधा कर्मचारी येतो. तो स्वतः स्ट्राझिन्स्की.

आमचा सेट मोडला तेव्हा मी घरी दुसऱ्या मालिकेचे सीन लिहीत होते. कुणीतरी फोटो पाठवला: वाड्यातलं थर्माकोलचं तुळशीवृंदावन, टेम्पोत आडवं.