डेली सोपचा निर्माता: बँक, बिलं आणि हक्क

निर्माता म्हणजे पैसे घालणारा, हे अर्धंच खरं. खासगी वाहिनीच्या डेली सोपमध्ये पैसा शेवटी वाहिनीचाच असतो. निर्माता तो आधी आपल्या खिशातून लावतो आणि रोज एक एपिसोड पोचवतो. म्हणून या धंद्यात यायचं असेल तर दिग्दर्शनापेक्षा प्रॉडक्शन खात्यातून सुरुवात करा. जेवण, गाड्या, लाइटचं भाडं यांची बिलं वर्षभर तपासलेल्या माणसाला बजेट वाचता येतं. पुढे ईपी (एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर), मग शूटिंगचा रोजचा खर्च सांभाळणारा लाइन प्रोड्यूसर, मग स्वतःचं बॅनर.

अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटं भरायची असतात, तीही आठवड्यातून सहा दिवस. बारा तासांच्या शिफ्टमध्ये तेवढं फुटेज निघालं तर ठीक. रोज १७ मिनिटंच निघाली, तर पाच दिवसांत अख्ख्या एपिसोडची तूट. एडिट, बीजीएम (पार्श्वसंगीत) आणि वाहिनीची मंजुरी होऊन तयार पडलेले एपिसोड म्हणजे बँक. दहा-बारा हातात असले की निवांत. तीनवर आले की दुसरं युनिट लावा. म्हणजे दुसरा दिग्दर्शक, दुसरा कॅमेरा, दुसरे लाइटमन, आणि नायिका मात्र एकच, ती दोन्हीकडे पळणार.

बँक आटते ती बहुधा सीन वेळेवर न आल्याने. गुरुवारी टीआरपी येतो, कथेचा ट्रॅक बदलतो, मंजूर झालेले सीन रद्द होतात आणि सगळं युनिट मेकअप करून बसून राहतं. दुसरं कारण पाऊस. मुंबईबाहेर घोडबंदर, मीरा रोड, नायगावकडचे कितीतरी सेट पत्र्याच्या शेडमध्ये असतात. जुलैत पत्र्यावर सर कोसळली की सिंक साउंड, म्हणजे शूटिंगसोबतच रेकॉर्ड होणारा आवाज, गेला. मग ते संवाद डबिंगला, म्हणजे कलाकाराचा आणखी वेळ आणि स्टुडिओचं भाडं. उपाय साधा आहे: कॉलशीटमध्ये, म्हणजे दिवसाच्या शूटिंगच्या वेळापत्रकात, मुके शॉट्स राखून ठेवायचे. रिअ‍ॅक्शन, मॉन्टाज, चिठ्ठी-मोबाइलचे इन्सर्ट. सर आली की ते काढायचे, थांबली की संवाद.

आता पैसा. समजा एपिसोडला २ लाख ठरले. महिन्याचे २६ एपिसोड म्हणजे ५२ लाखांचं बिल, वर १८ टक्के जीएसटी ९ लाख ३६ हजार. बिलाची रक्कम दोन-तीन महिन्यांनी येते, तीही टीडीएस कापून. जीएसटी मात्र पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरावाच लागतो. खर्चाच्या बिलांवर दिलेल्या जीएसटीची वजावट, म्हणजे इनपुट क्रेडिट, मिळतं खरं, पण छोट्या कलाकारांची आणि रोजंदारीची बिलं जीएसटीविना असतात, त्यांवर वजावट कसली? खर्च एपिसोडला पावणेदोन लाख धरला तरी महिन्याला साडेपंचेचाळीस लाख जातात. तीन महिन्यांची सोय नसेल तर मालिका घेऊच नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

सेटचंही तसंच. २६ लाखांचा वाडा २६० एपिसोडवर पसरला तर एपिसोडला १० हजार. मालिका १०४ वर गुंडाळली तर २५ हजार. म्हणून लवकर बंद पडल्यास सेटची भरपाई कोण देणार, हे करारातच हवं. लग्नाच्या ट्रॅकचं वाढीव बजेटही आधी मेलवर घ्या. तोंडी ‘बघू या’ला बिल लावता येत नाही.

एवढं करून मालिकेचे हक्क सहसा वाहिनीकडेच राहतात. दूरदर्शनच्या प्रायोजित कार्यक्रमांत निर्माता जाहिरातीची सेकंदं विकून धोका आणि नफा दोन्ही घ्यायचा. आता त्याच्या हाती ठरलेला दर. सिनेमात उलटं. सिनेमाचा कॉपीराइट मुळात निर्मात्याचा, प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. मात्र कॉपीराइट कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर थिएटरबाहेरच्या वापरातला गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीचा वाटा करारानेही काढून घेता येत नाही.

ओटीटी किंवा सॅटेलाइट (टीव्हीवर दाखवण्याचे) हक्क विकताना समोरचा कथा, पटकथा, संवाद, गीत, संगीत या प्रत्येकाचा सही केलेला करार मागतो. मूळ कथालेखकाचा एक कागद नसला तरी व्यवहार अडतो. ती सही शूटिंगआधी घ्या. सिनेमा चालल्यावर तिचा भाव वाढलेला असतो.