तुम्ही विचारलंत म्हणून: ‘मॉर्टल कॉम्बॅट’ कुठे पाहिला?

व्हिडिओ गेमवरून काढलेला २०२१ चा ‘मॉर्टल कॉम्बॅट’ हा सिनेमा मी चोरूनच पाहिला. पायरसीवर चारचौघांत तावातावाने बोलतो, म्हणून हा प्रश्न हमखास येतो, तोही डोळा मारून.

२३ एप्रिल २०२१ ला अमेरिकेत तो थिएटरात आणि एचबीओ मॅक्स या स्ट्रीमिंग सेवेवर एकाच दिवशी आला. एचबीओ मॅक्स भारतात नव्हतं. आपल्याकडे कोरोनाची दुसरी लाट होती. महाराष्ट्रातली थिएटरं उघडली थेट २२ ऑक्टोबरला. पैसे द्यायची तयारी होती, पण गल्ल्यावर कुणी नव्हतं. कारण खरं आहे, पण अर्धंच. थांबता आलं असतं. मला थांबायचं नव्हतं.

तसं या खेळाशी माझं नातंच चोरीचं. लहानपणी टीव्हीला जोडायचो तो गेम जपानी यंत्राची नक्कल होता. कॅसेटवर ‘९९९९९९ इन वन’ आणि आत तेच पाच-सहा गेम उलटसुलट. दुसऱ्या एका कॅसेटमध्ये ‘मॉर्टल कॉम्बॅट’ होता. मूळ कंपनीने त्या यंत्रासाठी तो कधी काढलाच नव्हता, हे मला फार उशिरा कळलं. त्यातली स्कॉर्पियन आणि सब-झिरो ही दोन पात्रं म्हणजे एकच निन्जा, फक्त कपड्यांचा रंग वेगळा.

माझी बाजू घेणारे मित्र केविन टँचरोएन या दिग्दर्शकाचं उदाहरण देतात. १९९७ च्या दुसऱ्या भागाने ही सिनेमामालिका पार झोपवली होती. २०१० मध्ये या पठ्ठ्याने परवानगी न घेता, पदरचे काही हजार डॉलर घालून याच खेळावर एक छोटी फिल्म केली आणि यूट्यूबवर टाकली. हक्क असलेल्या वॉर्नर कंपनीने त्याच्यावर दावा ठोकला नाही, उलट वेब सीरिज करायला बोलावलं. बघ, म्हणतात, नियम मोडला म्हणूनच मालिका जागी झाली. अहो, त्याने काहीतरी केलं तरी! मी काय केलं? बटण दाबलं.

आणि फुकट तरी कुठे पाहिला? सुरुवातीलाच जपानी नट हिरोयुकी सनादा बायकामुलांसाठी जिवावर उदार होऊन लढतो. अख्ख्या सिनेमातला तो सर्वांत चांगला प्रसंग, आणि नेमकी तिथेच पडद्यावर सट्ट्याच्या साइटची जाहिरात सरकत होती. म्हणजे माझ्या पाहण्याची किंमत कुणीतरी वसूल केलीच. सनादाचा त्याच्याशी काही संबंध नव्हता, एवढंच.

सुमारे साडेपाच कोटी डॉलर खर्चाच्या या सिनेमाने जगभरच्या थिएटरांत साडेआठ कोटींच्या आसपास गल्ला केला. हा काही दणदणीत धंदा नव्हे. तरी जानेवारी २०२२ मध्ये पुढच्या भागाचं काम सुरू झाल्याची बातमी आली. घरबसल्या पाहणारे भरपूर होते. त्या मोजणीत मी नाही. कोल यंग हे गेममध्ये नसलेलं पात्र नायक म्हणून का घुसडलं, यावर मात्र मी वर्षभर कुरकुरत होतो.

पुढे एका ॲपवर तो भाड्याने मिळायला लागला. मी पैसे भरले, सिनेमा लावला नाही. बायकोने विचारलं, ‘‘हे तिकीट म्हणायचं की दंड?’’

तिला अजून उत्तर दिलेलं नाही.