रविवार, रिकामं दुधाचं पातेलं आणि 'सुरोगात'

क्रोएशियाच्या राजधानीत, झाग्रेबमध्ये, तीन वर्षं होत आली, पण रविवारच्या बंद दुकानांची सवय मला अजून झालेली नाही. जुलै २०२३ पासून इथे कायदाच आहे: बहुतेक दुकानांना वर्षाकाठी फक्त १६ रविवार उघडं राहता येतं. परवा सकाळी दूध नासलं आणि मी चिडले. आपल्याकडे रात्री साडेदहाला कोपऱ्यावरचा वाणी अर्धं शटर वर करून पिशवी हातात देतो. त्यालाही सुट्टी हवी, कबूल. तरीही आपली दुकानं माणसाच्या अडीअडचणीला धावून येतात, हे मी इथे कुणालाही ठणकावून सांगेन.

शेजारच्या आजींनी दूध दिलं, वर जेवायलाच बसवलं. जेवणानंतर त्यांनी 'सुरोगात' लावला. इथे झाग्रेबमध्ये काम केलेले दिग्दर्शक दुशान वुकोतिच यांचा १९६१ चा, जेमतेम दहा मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट. मोजक्या रेषा, भूमितीतले आकार, संवाद नाहीतच. एक गृहस्थ समुद्रकिनारी येतो आणि लागेल ती वस्तू हवा भरून उभी करतो. होडी झाली, सोबतीला बाईसुद्धा झाली. शेवटी एका खिळ्याने तो स्वतःच फुस्स होतो. अमेरिकेबाहेरच्या अ‍ॅनिमेशनपटाला मिळालेलं पहिलं ऑस्कर याचं. आजी हे सांगताना ताठ बसल्या होत्या.

सिनेमा अप्रतिम आहे. पण मला त्या माणसाची बाजू घ्यावीशी वाटत राहिली. दुसऱ्या महायुद्धात सगळं गमावलेल्या इथल्या घरांत तेव्हा कुठे फ्रिज आणि छोटी 'फिचो' गाडी येऊ लागली होती. त्या हौसेला लगेच टाचणी का लावायची? आम्हा तिघी बहिणींत एकच स्वेटर होता. आज माझ्या कपाटात सहा कोट आहेत, आणि त्यांची मला लाज वाटत नाही. मामाने दुबईहून आणलेल्या टेपरेकॉर्डरवर आई भरतकामाचा रुमाल घालायची. तो दिखावा नव्हता, जपणूक होती.

सोबतीची बाई फुगवतो, तिथे मात्र मी गप्प झाले. इथल्या पहिल्या हिवाळ्यात शनिवारी संध्याकाळी मी मॉलमध्ये नुसतीच फिरत असे, आणि घरी येताना हातात पिशवी असायचीच.

आजींना विचारलं, तेव्हा तुम्हाला काय वाटलं होतं?

"खूप हसलो. आणि पुढे बसने सीमेपलीकडे, इटलीतल्या त्रिएस्तला जाऊन जीन्स आणायला लागलो. कस्टमवाल्यांना दिसू नये म्हणून एकावर एक अशा तीन चढवायचो."

त्यातली एक त्यांनी अजून ठेवली आहे. आतून काढून दाखवली. गुडघ्याला हाताने शिवलेलं ठिगळ आहे.