तुम्ही विचारलंत म्हणून: गाणाऱ्या माणसावर फिल्म करायची, तर आधी काय पाहू?

माहितीपट शिकायला येणारी मुलं हा प्रश्न हमखास विचारतात. माझं उत्तर कित्येक वर्षं एकच आहे: जॉन कोहेनची ‘द हाय लोनसम साउंड’. १९६३ची, कृष्णधवल, जेमतेम अर्ध्या तासाची.

कोहेन छायाचित्रकार होता आणि स्वतः बँजो, गिटार वाजवायचा. १९५९ साली तो अमेरिकेतल्या पूर्व केंटकीत गेला, १९३०च्या दशकातल्या महामंदीच्या काळातली गाणी शोधत. सगळा कोळशाचा मुलूख. खाणींत यंत्रं आली आणि माणसांच्या हातचं काम गेलं. तिथे डेझी नावाच्या वस्तीत त्याला रॉस्को होलकोम भेटला. खाणीत, लाकडाच्या गिरणीत, बांधकामावर राबून थकलेला माणूस. आवाज मात्र उंच, ताणलेला, अंगावर येणारा. कोहेनने आधी त्याचे फोटो काढले, गाणी ध्वनिमुद्रित केली. पण फोटोत गाणं नव्हतं आणि रेकॉर्डमध्ये घर नव्हतं. म्हणून तो १९६२ मध्ये फिल्मचा कॅमेरा घेऊन परत गेला.

या फिल्ममध्ये चर्चमधलं गाणं नीट ऐका. पुढच्याने ओळ द्यायची, मागच्यांनी झेलायची, हे भजनात वाढलेल्या कानाला लगेच कळतं. फक्त इथे टाळ नाहीत, मृदंग नाही, कुठलंच वाद्य नाही. प्रत्येक जण ती ओळ आपल्या हेलकाव्याने लांबवत नेतो. त्यानंतर रॉस्कोचा आवाज पुन्हा ऐका, म्हणजे तो कुठून आला ते उमगेल. त्याच्या पंथात बँजो वाजवणं पाप मानलं जाई आणि त्यापायी त्याने मध्यंतरी काही वर्षं बँजो खाली ठेवला होता. हे कळल्यापासून त्याची तारेवरची बोटं मला वेगळीच दिसतात.

मी हे इतक्या आग्रहाने का सांगते? माझ्या पहिल्या फिल्मसाठी मी भारूड गाणाऱ्या एका आजोबांना खुर्चीत बसवलं, मागे स्वच्छ पडदा लावला आणि दोन तास प्रश्न विचारले. ‘कला म्हणजे तुमच्यासाठी काय?’ असले प्रश्न. ते अवघडून उत्तरं देत राहिले. पहाटे ते दुसऱ्याच्या मळ्यावर दारं धरायला जायचे आणि पाणी भरताना गुणगुणायचे, हे त्यांच्या सुनेने मला चहा देताना सांगितलं होतं. मी टिपलं नाही. कॅमेरा तेव्हा गाडीतच होता.

रॉस्को १९८१ साली गेला. जवळजवळ तीस वर्षांनी, २०१० मध्ये, कोहेनने जुन्या रिळांत उरलेल्या चित्रीकरणातून त्याच्यावर आणखी एक फिल्म केली. आजोबाही आता नाहीत. त्यांच्या नातवाने मागच्या वर्षी माझ्याकडे चित्रीकरण मागितलं. माझ्याजवळ खुर्चीतले दोन तास होते, तेवढे दिले.