देवाची जमीन आणि आमचा चुकलेला दरवाजा

आमच्या गावच्या देवळाच्या जमिनीसाठी आम्ही चार जणांनी दिवाणी न्यायालयात दावा लावला आणि तीन वर्षं तारखा केल्या. मागणी एकच होती: जमीन एका विश्वस्ताची खासगी नसून ट्रस्टची आहे, असं ठरवून द्या. दावा नामंजूर झाला. पुरावा कमी पडला म्हणून नव्हे. हा प्रश्न त्या न्यायालयाच्या अधिकारातलाच नव्हता.

महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 चं कलम 79 मी त्यानंतर वाचलं. ट्रस्ट आहे का, तो सार्वजनिक आहे का, अमुक मिळकत त्याची आहे का, हे उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्त ठरवतात. त्यासाठी कलम 19 ची चौकशी असते. आणि कलम 80 अशा प्रश्नांपुरतं दिवाणी न्यायालयाचं दार बंद करतं. सर्वोच्च न्यायालयाने 2005 मध्ये ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’ प्रकरणात हेच उचलून धरलं. देऊळ असो वा चर्च, कायदा एकच.

दिवाणी न्यायालय पूर्ण बाद नाही. ट्रस्टच्या मिळकतीचा ताबा परत मिळवायचा दावा तिथेच चालतो. पण आमच्यासारख्या हितसंबंधी भक्तांना कलम 51 खाली धर्मादाय आयुक्तांची लेखी संमती आधी लागते, आणि निदान दोघं तरी हवेत. ही संमती आम्ही मागितलीच नव्हती. मला याचं फार वाईट वाटतं, कारण त्या तीन वर्षांत आमच्यातले सर्वांत वयस्कर आजोबा गेले.

आता सातबारा, जुने फेरफार आणि ट्रस्टच्या नोंदवहीचा उतारा जोडून अर्ज सहायक धर्मादाय आयुक्तांकडे दिला आहे.