क्रॉमफर्डचा न्हावी

इंग्लंडातल्या डर्बीहून मॅटलॉकच्या गाडीत बसलं की जेमतेम अर्ध्या तासात क्रॉमफर्ड येतं. गाव एवढंसं. पण ज्यांच्या घरात कुणी गिरणीत साच्यावर, म्हणजे यंत्रावर, उभं राहिलंय, त्यांनी जमलं तर इथली सूतगिरणी बघावीच. माझे आजोबा परळला साचेखात्यात होते, म्हणून मी आवर्जून गेलो.

ही गिरणी १७७१ साली रिचर्ड आर्कराइटने उभारली. प्रेस्टनच्या गरीब घरातला हा पोरगा, धंद्याने न्हावी, पुढे केसांचे टोप करून विकायचा. १७६९ साली त्याने सूतकताईच्या यंत्राचं पेटंट घेतलं. रुळांच्या जोड्या, पुढची जोडी मागचीपेक्षा वेगाने फिरणारी. त्यामुळे पेळू, म्हणजे पिंजलेल्या कापसाची वळी, ताणला जातो आणि मग चात्यांवर, म्हणजे फिरत्या सळ्यांवर, पीळ बसतो. हे सूत इतकं मजबूत निघालं की इंग्लंडात ताण्यालाही, म्हणजे कापडातल्या उभ्या धाग्यांनाही, कापूस चालू लागला. तोवर तिथे ताण्याला बहुतेक लिननचं, म्हणजे जवसाच्या धाग्याचं, सूत घालत. यंत्र फिरायचं पाण्यावर. शिशाच्या खाणीतून निचरा होणारं ते पाणी किंचित कोमट असल्याने हिवाळ्यातही गोठत नसे. जागा हेरण्यात गडी पक्का!

कामगार मिळवायला त्याने घरं बांधली. नॉर्थ स्ट्रीटवरची तीन मजली रांग अजून उभी आहे. वरच्या मजल्यावर बाप माग चालवणार, बायको-पोरं गिरणीत. दिवसरात्र बारा-बारा तासांच्या पाळ्या, आणि कामाला सात-आठ वर्षांची मुलंसुद्धा. उशीर झाला की फाटक बंद, रोज बुडाला. परळच्या भोंग्याचा हा पूर्वजच म्हणायचा.

१७७९ मध्ये लँकेशायरमधली त्याची बर्केकरची गिरणी जमावाने जाळली. यंत्रं हाताचं काम खातात हा राग. मग क्रॉमफर्डला त्याने तोफा आणून ठेवल्या. रस्त्याकडच्या भिंतीला खालच्या बाजूला खिडक्याच नाहीत, किल्लाच जणू.

१७८५ साली कोर्टाने पेटंट रद्द केलं. मूळ कल्पना थॉमस हाइज या दुसऱ्या कारागिराची, अशी साक्ष घड्याळजी जॉन के याने दिली होती. मला तरी वाटतं, यंत्र कुणाचंही असो, शेकडो माणसांना एका घंटेवर चालवणं हा त्याचा खरा शोध. बरा की वाईट, ते सोडा. पुढच्याच वर्षी राजाने त्याला ‘सर’ केलं. पन्नाशी उलटल्यावर हे महाशय झोपेतून वेळ काढून व्याकरण आणि शुद्धलेखन शिकत होते म्हणे.